चौथी चिमूट

येळ्ळूरहून गड चढताना
भरमाण्णा हुंदरे उंची मोजतो तंबाखूच्या चिमटीत:
तीन चिमटी माथा, गुडघा दुखला तर चार.
माझ्या नकाशावर नुसता आकडा, फुटांत.

खाली काळा फत्तर, थरावर थर.
मी लाव्हा म्हणते. तो म्हणतो, "हं, असंल."
वर जांभा, तांबडा, मधमाश्यांनी कोरल्यासारखा.
"नवा काढला की खोबऱ्यागत कापतोय बघ.
एकदा वारं लागलं की छिन्नीलाबी दाद देत नाही."
तीस वर्षं चिरे काढले त्यानं,
नखांच्या कडा अजून त्याच रंगाच्या.

माथ्याखाली दोन दगड भेटतात
त्या ओळीशी तो उकिडवा बसतो.
जांभ्यातनं मुरलेलं पाणी
काळ्याला अडून इथं बाहेर येतं,
एप्रिलातही, थेंब थेंब.
मी हे बेळगावच्या वाचनालयात वाचलं होतं;
त्याला म्हशींनी दाखवलं.

पश्चिमेला सह्याद्री, धुरकट.
खाली भाताची खाचरं, भेगाळलेली.
ओंजळ भरायला वेळ लागतो.

तोवर तो चौथी चिमूट मळतो,
गुडघ्याचं नाव काढत नाही.