निरंक

गाडी चालवतच आणतात,
तरी लोक म्हणतात, ओढून नेली.
ही रात्री दोनला आली,
नशिराबादकडून, एकाच दिव्यावर,
हौद्यात केळीची सुकी पानं.
चालवणारा पोरगा म्हणाला,
बाबा, इथं सही.

छापील कागद.
टायर चार, स्टेपनी एक, बॅटरी चालू,
काचेला उजवीकडं तडा.
खाली ओळ : गाडीतील खाजगी वस्तू.
पुढं त्यानं आधीच लिहून ठेवलेलं : निरंक.
मी टॉर्च फिरवला तो टायरांवर.
आत कोण बघतं दोन वाजता.
सु. ना. बाविस्कर, वॉचमन. तारीख. वेळ.

तिसऱ्या दिवशी वास सुटला.
सीटमागं तीन खणांचा डबा,
उडदाच्या डाळीला बुरशी,
कळण्याची भाकर दगड झालेली.
अन्न मी कुंपणापाशी पुरलं,
डबा राखेनं घासला.
स्टील चांगलं होतं.
तेव्हापासून बायको त्यातच भरून देते,
फुनके, कढी, कधी शेवभाजी.

पुढच्या खणात कागदही होते,
गुलाबी, निळे, रबर लावलेले.
त्यांना वास नव्हता.
ते राहू दिले.

मग यावलचा रमजान तडवी आला,
हातात दुसरी किल्ली घेऊन,
जणू ती दाखवली की फाटक उघडतं.
भाऊ, पाच मिनिटं फक्त.
खणात पावत्या आहेत,
दोन हप्ते रोख भरलेत सावद्याच्या माणसाकडं.
मी म्हणालो, ऑफिसचं पत्र आण.
नियमच आहे तसा. खरंच आहे.
तो जाळीतून बराच वेळ बघत राहिला.
जाताना एवढंच म्हणाला,
मागच्या डाव्या चाकात हवा कमी झालीय,
जॅकवर घ्या, नाहीतर टायर चिरेल.

गाडी मे महिन्यात लिलावात गेली.
मालेगावच्या एकानं उचलली.
देण्याआधी पोरांनी ती झाडली, पुसली.
संध्याकाळी यार्डामागं कचरा जळत होता.
मी जवळ गेलो नाही,
आधीच उकडत होतं.

आता केस ग्राहक आयोगात.
कंपनी म्हणते, तीन हप्ते थकले,
नोटीस दिली, पोलिसांत आधी कळवलं,
आणि भांडायचंच तर लवाद चेन्नईला बसतो.
त्याचा वकील म्हणतो, पावत्या गाडीत होत्या.
कंपनीचा वकील माझा कागद वर धरतो.
निरंक, साहेब. सही बघा.

माझं शपथपत्र टाइप होऊन आलंय.
मी प्रत्यक्ष पाहिले की सदर वाहनात
कोणतीही वस्तू नव्हती.
'प्रत्यक्ष' मी दोनदा वाचलं.
खाली रेघ आहे, कोरी.

दुपारी जेवून डबा धुतला,
भिंतीवर पालथा घातला.
बुडाला टिंबाटिंबांनी कोरलंय :
शबनूर र. तडवी, यावल.
दहा महिने घासतोय,
राखेनं, वाळूनं, एकदा विटेच्या चुऱ्यानं.
टिंबं उलट चकाकायला लागलीत.

सही अजून केलेली नाही.
नाही करणार, असंही नाही.
पगार कंपनीचा आहे,
पोरगी बारावीला आहे.

बायको विचारते,
बुधवारी कोर्टात जाताय ना,
तिथं दिवस जातो म्हणतात,
डबा भरून देऊ?