चौथी चौकट

सव्वासातला मी जातो,
खांद्यावर वायरचं भेंडोळं, खिशात टेस्टर.
भाई केळुसकर तोवर इस्त्रीचा सदरा घालून बसलेले,
खाली पंचाच.
कॅमेऱ्याला कंबरेखालचं दिसत नाही
हे त्यांना पहिल्याच आठवड्यात उमगलं.

स्टुलाच्या एका पायाखाली करवंटी, डगमगतो म्हणून.
त्यावर मोबाईल.
"वायच उजवीकडे सरा, भाईनू, बंदर दिसना नाय."
ते सरतात.
मागे भिंतीवर फ्रान्समधलं एक बंदर,
वाळवीने कडा खाल्लेल्या फ्रेमीत.

ब्याण्णव साली सरकारी दौऱ्यावर गेलेले, आमदार म्हणून.
आले ते हा फोटो घेऊन
आणि एक चीजचा डबा.
वहिनींनी वास घेऊन तो मांजरापुढे सारला,
मांजर मागे सरलं.

पुढच्या निवडणुकीला जीपवर मी होतो,
वर दोन भोंगे.
गाबीतवाडीपासून भंडारवाडीपर्यंत एकच वाक्य:
तसली जेटी आपल्या खाडीत!
माझ्याच गळ्यातून निघालेलं.
गळा बसला तेव्हा खडीसाखर
भाईंनी स्वतःच्या खिशातून काढून दिली.
दर वळणावर मागे वळून विचारायचे,
"आवाज पोचता मा रे, लाडू?"

जेटीचे नऊ खांब झाले.
दहाव्याच्या आधी सरकार पडलं,
मग भाई पडले,
मग पुन्हा पडले, डिपॉझिटसकट,
मग पक्ष बदलला,
मग तो पक्षच कुठे दिसेना.
खांबांना कालवं धरली.
ओहोटीला बाया कोयती घेऊन जातात,
"भाईंची कालवं" म्हणतात.
राग नसतो त्यात. चवीला बरी असतात.

"आपल्यासोबत आहेत ज्येष्ठ राजकीय विश्लेषक..."
पुण्याचे एक, दिल्लीचे दोन,
चौथ्या चौकटीत आमचे भाई.
साखरेच्या भावावर बोललेत, युतीवर, कुणाच्या तरी राजीनाम्यावर.
आज फ्रान्समध्ये सरकार पडलंय.
निवेदक मुलगी म्हणते,
"भाई, तुम्ही तो देश जवळून पाहिलाय. चाळीस सेकंद."

मला वाटलं, आता आकडे येतील, बहुमत येईल,
दुपारभर कागदावर लिहीत होते.
भाईंनी कागद मांडीवर पालथा घातला.
"तिथं," म्हणाले, "पहाटे होड्या लागतात,
आणि बायका मासळी उतरवतात
कोरड्या पायांनी."

मोबाईलवरचं गोल चक्र तेव्हाच फिरायला लागलं होतं.
पडद्यावर भाई तोंड उघडं ठेवून थिजलेले,
बाकीचे तिघे एकमेकांवर ओरडत होते.
समोरचे भाई मात्र बोलतच होते,
कोरड्या लुगड्यांबद्दल, दगडी पायऱ्यांबद्दल,
भिंतीवरच्या फोटोकडे न बघता.

माझी आई छातीभर पाण्यातून टोपली काढायची.
त्यांना हे ठाऊक आहे की नाही, मी कधी विचारलं नाही.

संपल्यावर घाम पुसला.
"आवाज पोचलो मा रे, लाडू?"

"पोचलो, भाईनू," म्हटलं,
आणि वायर गुंडाळायला घेतली.