निळी कड

सक्करदऱ्याला एक छापखाना होता, लग्नपत्रिकांचा.
यंत्रं भंगारात गेली, शाईचा वास राहिला.
माझी पत्रिकाही इथलीच.
आज नवतपाचा तिसरा दिवस,
आणि माझी धाकटी बहीण मधोमध स्टुलावर बसली आहे
कुडत्याच्या बाह्या कापून.

कुंदा धकाते, वय एक्केचाळीस.
नाव ठेवलं तेव्हा तिच्या अंगावर एकही डाग नव्हता.

कूलर बंद करा, ती म्हणते, माझा आवाज पोचत नाही.
कुणीतरी बटण दाबतं.
वाळ्याच्या जाळीतून पाणी तेवढं ठिबकत राहतं
आणि साठ माणसं एकदम घामाघूम, एकदम जवळची.

दर रविवारी आई गुडघ्यावरचा डाग
निळ्या बॉलपेननं गिरवायची, ती सांगते.
मेयोतले डॉक्टर म्हणाले होते, वाढतो का बघा.
पुढच्या रविवारी डाग रेघेबाहेर,
घंटा व्हायच्या आत फाटक ओलांडलेल्या पोरासारखा.
लोक हसतात. मीही.

मग ती पेनं वाटते.
या. कड काढा.
मी जिथं संपते असं वाटतं, तिथं.

एक चष्मेवाला पोरगा खांद्याशी वाकतो, श्वास धरून.
एक बाई विचारते, दुखते का हो?
एक काका टोपण न काढताच
लांबून हवेत रेघ ओढतात आणि परत जाऊन बसतात.
घामानं शाई फुटते,
नकाशे एकमेकांत शिरतात.

मधेच, कुणाचं नाव न घेता, ती सांगते:
बहिणीला बघायला तुमसरचे लोक यायचे होते,
तर मला कामठीला मावशीकडे धाडलं,
डब्यात साबुदाण्याच्या पापड्या देऊन.

आता साठ माणसांना ठाऊक आहे.
मी कुठल्या खुर्चीवर बसले आहे, तेवढं नाही.

तिनं मला विचारलं नव्हतं.
कामठीच्या बसमध्ये बसवताना तिलाही कोणी विचारलं नव्हतं.
दोन्ही सारखं नाही, समजतं मला.
तरी खुर्ची पोळते.

रांगेत आई माझ्या पुढे.
मोतीबिंदू काढलेला डोळा बारीक करून
ती गुडघा शोधते. गुडघाच.
‘आता कुठं सापडते वं कड,’ म्हणते,
‘सारंच एक झालं.’
आणि जुन्या सवयीनं, खाली, बारीक अक्षरात
आजची तारीख टाकते.

हे कुंदाच्या संहितेत नाही.
तिचं पुढचं वाक्य येत नाही.
पाणी ठिबकताना ऐकू येतं.

मग मी. पेन हातात, टोपण लावलेलंच.
कुंदा बघते, सगळ्यांकडे बघते तशी,
किंवा तशी नाही.
पंचवीस वर्षांत न विचारलेलं माझ्या तोंडून निघतं:
कामठीत काय केलं तू, त्या दिवशी?

माईक हातानं झाकून ती म्हणते,
‘काई नाई, ताई.
दिवसभर कॅरम खेळली.
जितली बी.’