नऊशे ऐंशी

रोजच्या हजार बिड्या.
त्या दिवशी नऊशे ऐंशी भरल्या,
तर अंबादासनं कडी लावून हळू विचारलं,
"वीस बिड्यांचा वेळ कुणाला दिलास?"

पानं वाळकी निघाली, म्हणाले.
त्यानं सूप हुंगलं. मग माझे केस.

तेव्हापासून मी हजार वळते
आणि ज्वारीच्या पिठात पुरते
कधी वीस, कधी सातच.
तो मोजतो. परत मोजतो.
साखर पेठेतली कुत्रीसुद्धा झोपतात रात्री,
हा नाही.
पहाटे तांबारल्या डोळ्यांनी तसाच मागावर.

काल कारखान्यातला पोरगा पळत आला:
पट्ट्यात हात.

सिव्हिलमध्ये उशाशी बसून
मी पट्टीबाहेरची बोटं मोजली. परत मोजली.
दोन कमी.

कुणाला दिली,
नाही विचारलं.