लिफ्टखालचं पाणी

भर मे महिन्यात
आमच्या लिफ्टच्या खड्ड्यात पाणी येतं.
सेक्रेटरी म्हणतात, टाकी गळते.
प्लंबर म्हणतो, ड्रेनेज.
वॉटरप्रूफिंगवाला दोनदा येऊन गेला,
दोन्ही वेळा पैसे घेऊन.

मी गप्प असतो.
आयुष्यभर माझ्या वतीनं साखळी बोलली :
तेहतीस फूट, सोळा आणे.
एक साखळी लांब, एक साखळी रुंद,
झाला गुंठा.

कचरूनाना जाचकांचा मळा मोजायला आलो
तेव्हा पाथर्डी फाट्यावरून पायीच यावं लागलं.
पेरूची सत्तर झाडं, चार ओळी द्राक्षं,
आणि बांधावरून पांडवलेणीचा डोंगर
अख्खा, पायथ्यापासून.
प्लेन टेबल मांडलं की आधी
त्याच्या शेंड्यावर नजर लावायची.

दुपारी विहिरीच्या थारोळ्यावर
नानांनी पेरू कापला, मीठ लावलं.
"मोजा सायेब, सगळं मोजा.
हिचं पाणी तेवढं मोजू नका.
बहात्तरला बी हिनं तळ दावला नाही."
मी टिपणात एक गोल काढला,
शेजारी लिहिलं : विहीर, पक्की.

पोटहिस्से पाडले तेही मीच.
तीन भाऊ, मग त्यांची सात पोरं,
दर खेपेला दगड जवळ जवळ येत गेले.
मग एनए, मग लेआउट,
मग माझा फंड,
आणि बी विंगचा चौथा मजला.
कुठल्या गटात, ते मला
सातबारा न बघता कळलं होतं.

डोंगर दिसतो अजून.
समोरच्या दोन टॉवरांच्या फटीत,
बाल्कनीच्या कठड्यावर मोजला तर
सव्वा आणा.
दिवाळीत दीड होता.

काल रात्री झोप लागेना.
खाली उतरलो. गेटपाशी,
जिथं हद्दीचा दगड होता तिथं उभा राहिलो
आणि चालू लागलो.
माझी तेरा पावलं म्हणजे एक साखळी,
गुडघे गेले तरी हिशेब गेलेला नाही.
उत्तरेला चार.
पूर्वेला दोन साखळ्या, नऊ आणे.

लिफ्टचं दार.

आत पंप घरघरत होता.
थांबला. पुन्हा लागला.
मी तिथंच पायरीवर बसलो,
जिभेवर उगाच मीठ आलं.

वॉचमन जागा झाला.
"काका, बंद आहे. पाणी आहे आत."
"पक्की," मी म्हणालो.
त्याला काही कळलं नाही.

रविवारी मीटिंग आहे.
नवा ठेकेदार, फ्लॅटमागे साडेतीन हजार.
भरीन.