कोरडं वजन

मिरजेच्या डायलिसिस विभागात, सात नंबरच्या खाटेशी
मी स्टूल ओढून बसते.
क्लिपबोर्डाला दोरीनं बांधलेलं पेन
(आधीची तीन गेली).
पंचवीस प्रश्न. मूळचे इंग्रजी,
कुणी मराठीत आणले, कुणी परत इंग्रजीत नेऊन ताडून पाहिले,
जुळले, तेव्हा माझ्या मांडीवर आले.

पारिसा मगदूम, वय एकसष्ट.
सांगलीच्या मार्केट यार्डात मापाडी, बत्तीस वर्षं.
डाव्या दंडात दोन सुया,
उजव्या तळहाताच्या रेषांत अजून हळद.

गेल्या चार आठवड्यांत नेहमीची कामे करताना
तुम्हाला कितपत अडचण आली?
उदाहरणार्थ नोकरी, घरकाम, फुरसतीची कामे.
"फुरसतीची कामं ती कसली?"
मी प्रश्न पुन्हा वाचते. समजावायचं नाही,
सुचवायचं नाही, पुन्हा वाचायचं:
दोन दिवसांच्या प्रशिक्षणात हेच शिकवलं.
"बंद हाईत. लिवा."

शेवटी ती उभी पट्टी, शून्य ते शंभर.
शंभर म्हणजे कल्पना करता येईल अशी
सर्वांत उत्तम तब्येत.
आज तुम्ही कुठे?

बराच वेळ बघत राहिले, काटा स्थिर व्हायची वाट बघावी तसे.
"बारदान धरून सांगू, का वजा करून?"

मला कळलं नाही. नव्या दिवाणजीला सांगावं तसं सांगितलं:
पोत्याचं वजन मालात धरत नसत्यात.
वली हळद शिजवून वाळवली
की पाच मणाचा मण उरतोय,
आन् भांडणं हुत्यात ती तुटीवरनं.
"माझं तर एका दिवसात दोनदा वजन.
येताना अडुसष्ट, जाताना पासष्ट.
मधल्या तीन किलोला डाक्टर पानी म्हनतोय.
मी कुठल्या आकड्यात हाय, बाई?"

मी प्रश्न पुन्हा वाचला.

"चाळीस लिवा. फाडा पावती."

तीन महिन्यांनी उजव्या पायाची दोन बोटं गेली होती,
मापाड्याचं लायसन पुतण्याच्या नावावर.
पट्टी समोर धरली. म्हणाले, सत्तर.

पुण्याहून फोन: मॅडम, एकशे बारा नंबर उलटा पडलाय,
बोटं गेली आणि गुण वाढले?
टायपिंगची चूक असणार.
नाही म्हटलं.
मग काय आहे?

विचारायची मुभा नव्हती. विचारलं.
"तवाचा शंभर निराळा हुता.
पाठीवर पोतं घिऊन फळी चढायचा त्यो.
त्याला कुठनं आणू आता?
ह्यो शंभर बारका हाय. पर हाय."
आणि मशीनकडे मान वळवून डोळे मिटले.

सहाव्या महिन्याला मीच सांगलीला घरी गेले.
दिवसाचं पाणी: सातशे मिली, चहा-आमटी धरून.
खुणा केलेली बाटली, स्टीलचं फुलपात्र,
बैठक मारून मापाडी.
पहिल्या मापाला एक म्हणायचं नसतं.
"लाभ," म्हणाले,
मग दोन, तीन, चार;
पाचवं भरून थोडं परत ओतलं.
"आमटीची तूट."

पद्माक्का पाणी प्यायला शेजारी जातात.
तिकडून पदरानं तोंड पुसून आल्या,
मी पाहिलं हे त्यांनी पाहिलं.
पंचवीसमधला एकही प्रश्न त्यांना लागू नव्हता.

नेहमीची कामे करताना तुम्हाला
कितपत अडचण आली?
बूच घट्ट लावत, बाटली उजेडात धरून
खुणेला डोळा लावत ते म्हणाले,
"काय न्हाई. चालू हाईत की."

मी 'अजिबात नाही' वर खूण केली.
पुण्याहून परत फोन येणार.