घडीवाला

पौषात गावच्या शंकरपटाला
घडी हिवराज कापगतेच्या हातात असते.
दुसऱ्या कुणाच्या अंगठ्यावर जोडीवाले विश्वास ठेवत नाहीत.
जोडी सुटते, धूळ उठते, धुरकरी ओरडत जातो,
हा पापणी न हलवता दाबतो.
मी शेजारी वही घेऊन:
सात सेकंद एकवीस.
सात सेकंद चोवीस.
मधल्या तीनमध्ये काय असतं
ते त्याला विचारू नये.

अंगठ्याचं नख अर्धंच आहे.
उरलेलं बर्फात राहिलं.

आमच्याकडे उतार म्हणजे मामा तलावाची पार.
बाकी साऱ्या धानाच्या बांध्या,
पाण्याच्या पातळीशी प्रामाणिक.
आम्ही शिंदीच्या झापावर बसून पारीवरून घसरायचो,
चड्ड्या फाटायच्या, घरी मार.
तो उभा राहून घसरायचा.
एवढाच फरक.
हिंवाच्या दिवसांत झाला म्हणून हिवराज,
नाव ठेवणाऱ्या आत्याला पुढचं काय ठाऊक.

मग भंडाऱ्याची भरती. पलटणीनं उत्तरेला नेलं.
एका सुभेदारानं विचारलं, गुडघे कसे आहेत?
रोवणीतले आहेत, साहेब.

सुट्टीवर आला तेव्हा पानठेल्यावर विषय निघाला.
"इस्की म्हंजे का गा?"
"घसरनं."
"अना पगार?"
"घसरन्याचाच."
ठेला दोन दिवस हसत होता.

अकरा हिवाळे तो उतरला.
लाल दरवाजा, निळा दरवाजा, पुन्हा लाल,
प्रत्येकाला खांदा घासून जायचं,
एक हुकला की सगळा उतार फुकट.
छातीवर कधी एकसष्ट, कधी चौऱ्याऐंशी,
म्हणजे आधीच्या सगळ्यांनी खरवडून ठेवलेल्या
चऱ्यांमधून, उरलेल्या बर्फावरून.
परदेशात एकदा एकोणचाळिसावा आला.
तिथल्या कार्डावर पुढे डोंगर, मागे दोन ओळी:
इथं सगळा उतारच आहे.
धान कापून झालं का?

देशातल्या शर्यतीत मात्र एकदा पदक अगदी समोर होतं.
चौथा आला. दोन शतांशांनी.
पटाच्या गावाला शतांश समजावून सांगावा लागत नाही.
त्या दिवशी ठेल्यावर कुणी हसलं नाही.
त्याचा काका एवढंच म्हणाला,
बैलाच्या नाकाएवढं.

पुढच्या हिवाळ्यात डावा गुडघा उलटा फिरला.
सळई, पेन्शन, दोन एकर, एक म्हैस.
जोडीतली एक पट्टी गोठ्यात आडवी बांधली आहे,
तिच्यावर कासरे टांगतो.
दुसरी कुठे आहे, सांगत नाही.

गेल्या साली नवेगावकडचा एक पोरगा भांडायला आला,
दोन शतांशांनी कोनी हारते का, घडी खोटी हाये.
मी उठलो.
हिवराजनं घडी त्याच्या हातात दिली
आणि बराच वेळ परत मागितली नाही.

शर्यतीआधी, त्यानं मला सांगितलं होतं,
एकेक दरवाजा बघत हळू खाली यायचं,
मग पुन्हा वर जाऊन, डोळे मिटून,
तळहातानं तो उतार पाठ करायचा.

पटाच्या आदल्या रात्री बांध्यांवर धुकं बसतं.
लाखोळी दिसत नाही, धुरे दिसत नाहीत,
सगळीकडे पांढरं.
मी रेघ मारायला चुना घेऊन जातो
तेव्हा तो आधीच दानीच्या टोकावर उभा असतो,
गुडघ्यांत किंचित वाकून, डोळे मिटून,
आणि समोर त्याचा हात
मासोळीसारखा डावीकडे वळतो, उजवीकडे, पुन्हा डावीकडे.

दान सरळ आहे.
एकही वळण नाही.

मी बादली आवाज न करता खाली ठेवतो,
तो खाली पोचेपर्यंत थांबतो.
साधारण एक मिनिट दहा सेकंद.
पुढचं मला मोजता येत नाही.